साहेबांसाठी चौदा मिनिटं

३ फेब्रुवारी

निवृत्तीला आठ महिने राहिले. निरोपाच्या कार्यक्रमात लोक माझ्याविषयी गोड गोड खोटं बोलतील. त्यांच्याविषयी खरं कुठेतरी लिहून ठेवलेलं असावं, म्हणून ही वही.

एकतीस वर्षं मी या हॉस्पिटलच्या तळमजल्यावर बसून माणसांच्या आतले तुकडे मायक्रोस्कोपखाली पाहतो आहे. वरच्या मजल्यांवरचे डॉक्टर हाताला लागेल ते कापतात, बाटलीत घालतात आणि खाली पाठवतात. रोग कोणता ते मी सांगतो. मग ते वर जाऊन रोग्याला अशा थाटात सांगतात की जणू त्यांना कालच स्वप्न पडलं होतं.

वही हिने आणली. रेघा इतक्या फिक्या आहेत की त्या छापल्यात की छापायच्या राहिल्यात, तेच कळत नाही. तसं म्हटलं, तर ही म्हणाली, "अहो, एकदा डोळे दाखवून या ना." बायकोचं वैद्यकीय ज्ञान! डोळ्यांचा डॉक्टर म्हणजे चष्म्याच्या दुकानाची पायरी. चढलं की खिसा कापलाच.

९ फेब्रुवारी

आज रंगाऱ्याला झाडला.

रंगारी म्हणजे आमचा तंत्रज्ञ. बावीस वर्षं माझ्या हाताखाली आहे. नाव मीच ठेवलं आणि आता पगारपत्रक सोडलं तर सगळीकडे तेच चालतं. तुकडा मेणाच्या ठोकळ्यात, म्हणजे ब्लॉकमध्ये, बसवायचा, त्याचे कांद्याच्या पापुद्र्याहून पातळ काप काढायचे, काचेवर चढवायचे आणि दोन रंगांत बुडवायचे. निळा आणि गुलाबी. निळ्याने पेशीचं केंद्र रंगतं, गुलाबीने बाकीचं. एवढंच काम, आणि तेही धड होत नाही. गेले कित्येक महिने स्लाइड अशा येतात, जशा काही कोणी दुधात धुऊन आणल्यात.

"रंगात पाणी घालतोस का रे? की डोळे मिटून बुडवतोस?"

"नाही साहेब."

"मग हे काय आहे? हे निळं म्हणायचं?"

त्याने स्लाइड उजेडाला धरून पाहिली. मग म्हणाला, "बघतो साहेब." बघतो! नाचता येईना अंगण वाकडे. वर मायक्रोस्कोपचा दिवाही रद्दी आहे, तीन वेळा बदलून झाला. खरेदी विभागाला पत्र लिहिलं आहे. उत्तर येईतो मी निवृत्त झालेला असेन.

१७ फेब्रुवारी

झाडाझडतीचा उपयोग होतो. आठवडाभर स्लाइड अगदी झकास येत आहेत. गडद निळी केंद्रं, ठसठशीत. बावीस वर्षांत पहिल्यांदाच तो सुतासारखा सरळ झाला. शाबासकी मात्र दिली नाही. दिली की हे लोक डोक्यावर बसतात.

माझ्या हाताखाली आलेली नवी बाई शेजारच्या टेबलावर बसते. तिशीची असेल, परीक्षेत पहिली वगैरे आलेली. माझ्यानंतर खुर्ची तिची. तिच्या स्लाइड सहज उचलून पाहिल्या, तर सगळ्या पाण्यासारख्या. तिच्यासाठी रंगारी जुनाच कारभार करतो आहे आणि तिला पत्ताही नाही. म्हटलं, "यात तुम्हाला काही दिसतं का हो?" "हो सर, छान दिसतं," म्हणाली. जिला पाण्यात सगळं दिसतं तिच्या हाती हा विभाग जायचा आहे.

वहीचं बाकी काम झालं. हिने दुकानदाराला खडसावून दुसरी आणली. रेघा एकदम ठळक. फक्त एका पानावर एक रेघ समास ओलांडून तिरपी गेली आहे. छापखान्यात कोणी शुद्धीवर नसतो.

२ मार्च

वरून महाराजांची बाटली आली. महाराज म्हणजे आमचे मुख्य सर्जन. मागेपुढे चार शिष्य घेऊन चालतात, म्हणून.

बाई एकतीस वर्षांची, शिवणकाम करणारी. तीन महिने पोट फुगत चाललेलं, आत पाणी झालेलं, वजन उतरलेलं. महाराजांनी पोटात दुर्बीण घालून पाहिलं. पोटाच्या आतल्या अस्तरावर, म्हणजे उदरावरणावर, सगळीकडे पांढरे दाणे पेरल्यासारखे. त्यातले चार तुकडे काढले आणि चारही फॉर्मलिनच्या एकाच बाटलीत टाकले. पहिल्या वर्षाच्या पोरालाही कळतं की निदान एक तुकडा साध्या सलाइनमध्ये वेगळा पाठवायचा. फॉर्मलिनमध्ये जंतू मरतात. मग क्षयाचा संशय आलाच, तर वाढवून काय बघणार, कपाळ? फोन करून तसं सांगितलं. महाराज म्हणतात, "अहो, क्षयबिय काही नाही. मी डोळ्यांनी पाहिलंय. कॅन्सरच आहे. तुम्ही फक्त शिक्का मारा."

मी फक्त शिक्का मारायचा. एकतीस वर्षं यासाठीच तर बसलो होतो.

४ मार्च

नमुना ४१८. स्लाइड पाहिल्या.

चीड अशी आली की महाराजांचं खरं निघालं. अस्तराच्या पेशी दाटीवाटीने, आणि प्रत्येकीचं केंद्र काळंकुट्ट. कॅन्सरच्या पेशीचं केंद्र असंच काळवंडतं. लिहायला दोन मिनिटं लागली.

नवी बाई माझ्या खांद्यामागून रिपोर्ट वाचत म्हणाली, "सर, अस्तराला नुसती सूज असली तरी पेशी अशा बिथरतात ना? ब्लॉकमधून अजून खोल काप घेऊ या का?"

"ब्लॉक म्हणजे विहीर आहे का, पाणी लागेपर्यंत खणत बसायला?"

"निदान मार्कर लावायला बाहेर पाठवू या. आठ दिवसांत येतील."

मार्कर म्हणजे पेशीची जात ओळखायची खास चाचणी. मी म्हटलं, बाई, मार्कर ही डोळे नसलेल्यांची काठी आहे. आम्ही त्या काठीशिवाय चालायला शिकलो. रंगारी दारात ट्रे घेऊन उभा होता, तो ट्रे न ठेवताच परत गेला. म्हातारा झाला आहे तोही.

रिपोर्ट सही करून वर पाठवला. घरी येताना हॉस्पिटलच्या शेवटच्या पायरीवर अडखळलो. फरशीच्याच रंगाची पायरी करणाऱ्या माणसाला खरं तर त्याच पायरीवर बसवून ठेवलं पाहिजे.

९ मार्च

४१८ ची शस्त्रक्रिया येत्या सोमवारी, सोळा तारखेला. गर्भाशय, दोन्ही अंडाशयं, पोटातला चरबीचा पडदा, सगळं काढणार. महाराज जिन्यात भेटले. "बघा, मी म्हणालो नव्हतो?" असं म्हणून पाठीवर थाप मारली. उथळ पाण्याला खळखळाट फार. पण यावेळी त्या पाण्यात माझीही सही आहे, हे काही बरं वाटलं नाही.

बसवर आकडे बारीक लिहायची नवी टूम निघाली आहे. हात करून चुकीची बस थांबवली. कंडक्टरने आजोबा म्हटलं.

११ मार्च

आज ४१८ स्वतः आली. आमच्याकडे रोगी येत नाहीत, त्यांचे तुकडे येतात. त्यामुळे आत आलेल्या माणसाला बसवायला जागाही नाही. रंगाऱ्याने स्वतःचं स्टूल दिलं. बारीक चणीची बाई आणि त्या अंगाला न शोभणारं पोट. तिचा नवरा बाहेर भिंतीला टेकून उभा राहिला. तिला स्लाइड दुसऱ्या हॉस्पिटलात दाखवायला न्यायच्या होत्या. त्यासाठी अर्जावर माझी सही लागते.

"दुसरं मत हवंय? घ्या. तिसरं, चौथंही घ्या. स्लाइड तीच राहणार."

"तसं नाही डॉक्टरसाहेब. मला मूलबाळ नाही. आतलं सगळं काढणार म्हणतात. आम्ही शिवणारी माणसं. उसवलेलं परत शिवता येतं, पण एकदा कापलेलं कापड जोडलं तरी जोड दिसतोच. म्हणून कापायच्या आधी दोनदा मापायचं, एवढंच."

असली घरगुती तत्त्वज्ञानं मी पुष्कळ ऐकली आहेत. सही केली. ती म्हणाली, "चौकट इकडे आहे, साहेब." माझी सही चौकटीच्या वर बोटभर गेली होती. मी म्हटलं, हल्ली फॉर्मसुद्धा इतके फिके छापतात की माणसाने सही करायची कुठे.

तेव्हा ती हसली. राग यावा असं हसली नाही, तरी मला आला.

"आमच्या मास्तरांचंही असंच व्हायचं शेवटी शेवटी," ती म्हणाली. "ज्यांच्याकडे मी शिकले ना, ते. कापडावर आखलेली खडूची रेघ त्यांना दिसेना. तर आम्हालाच ओरडायचे, जेवत नाही का गं पोरींनो, खडू दाबा जरा! मग आम्ही रेघ जाड मारायला लागलो. त्यांना बोलायचं कोण? रेघ जाड केली की मास्तर खूश. पण जाड रेघेच्या कुठल्या कडेने कापणार? अर्धं बोट इकडे की तिकडे? छत्तीसची चोळी अडतीसची व्हायला लागली."

"मग?"

"मग काय! मास्तर म्हणायचे, हल्ली कापडच बरोबर येत नाही."

मी तिला सांगितलं की स्लाइड उद्या बांधून मिळतील, आणि आम्हाला कामं आहेत. ती गेली. रंगाऱ्याने स्टूल उचललं, पण जागेवर नेलं नाही. ते हातात धरून तसाच उभा. "काय रे?" "काही नाही साहेब."

शिवणकाम करणाऱ्या बायकांना बोलायला फार लागतं. हात गुंतलेले असतात आणि तोंड मोकळं.

१२ मार्च

त्या बाईचे मास्तर सकाळपासून डोक्यातून जाईनात. सगळ्यांच्या आधी हॉस्पिटलात पोचलो. कोणाचं काही खरं करायला नव्हे, तिचं खोटं करायला.

माझ्याकडे एक लाकडी पेटी आहे. एकतीस वर्षांतल्या निवडक स्लाइड. विद्यार्थ्यांना मी त्या दाखवतो आणि सांगतो, रंग याला म्हणतात. वरच्या ओळीतल्या दहा वर्षांपूर्वी याच रंगाऱ्याने रंगवलेल्या. पहिली लावली. फिकी. दुसरी, तिसरी, सहावी. सगळ्या दुधात धुतलेल्या. पेटीत अंधार असतो, रंग उडायचं कारण नाही. तरीही म्हटलं, उडाला असेल.

तेवढ्यात नवी बाई आली. काही न सांगता तिला पहिली स्लाइड दिली.

ती मायक्रोस्कोपला डोळे लावून म्हणाली, "अहाहा! सर, काय सुंदर रंग आहे. आता असं का नाही हो करत कोणी?"

मी म्हटलं, "नीट बघा." ती म्हणाली, "बघतेय ना."

मग मी रंगखोलीत गेलो. बावीस वर्षांत मी त्या खोलीच्या उंबऱ्यावरूनच ओरडत आलो, आत पाऊल टाकलं नव्हतं. भिंतीला खिळ्यावर त्याची वही लटकते. कुठल्या दिवशी किती मिनिटं रंगात बुडवलं, त्याची. ती खिडकीशी नेऊन नाकाला लावून वाचली. निळा, सहा मिनिटं. सगळीकडे सहाच. आणि गेल्या ऑगस्टपासून त्याच ओळीत पुढे एक जास्तीचा आकडा. 'साहेबांसाठी आठ.' ऑक्टोबरात 'साहेबांसाठी दहा.' डिसेंबरात बारा. ९ फेब्रुवारीपासून, म्हणजे मी त्याला झाडला त्या दिवसापासून, 'साहेबांसाठी चौदा.'

चौदा मिनिटं निळ्यात ठेवलं तर निरोगी पेशीचं केंद्रसुद्धा काळंकुट्ट होईल. हे मी दर वर्षी विद्यार्थ्यांना शिकवतो.

रंगारी मागे येऊन उभा होता. मी विचारलं, "का केलंस हे?" आवाज चढवायचा होता, चढला नाही.

"तुम्हाला फिकं दिसायचं साहेब."

"मग तोंडाने सांगायचं होतं!"

"काय सांगायचं होतं? साहेब, तुम्हाला दिसत नाही, असं?" तो खाली बघत म्हणाला. "मला वाटलं, थोडेच महिने राहिलेत. निघून जातील."

मला त्याचा भयंकर राग आला. अजूनही आहे. ज्याने बावीस वर्षं माझी बोलणी खाल्ली, त्याने माझ्यावर दया करायची! आणि दयासुद्धा अशी नेमाने, मिनिटं मोजून, तारीखवार नोंदवून. मी त्याला म्हटलं, ४१८ च्या स्लाइड बांधू नकोस, ब्लॉक काढ. नव्याने काप घे. खोल जा, आणखी खोल जा. सहा मिनिटं. एक सेकंद जास्त नाही.

१३ मार्च

दोन माणसांना एकाच वेळी पाहता येईल असा, आत दाखवायचा बाण असलेला जोडमायक्रोस्कोप आहे. एरवी मी मुख्य बाजूला बसतो. आज नव्या बाईला म्हटलं, तुम्ही बसा तिकडे.

सहा मिनिटांच्या रंगात अस्तराच्या पेशी साध्या निघाल्या. चिडलेल्या, सुजलेल्या, पण साध्या. हे तिने सांगितलं. आणि खालच्या कापांत, जिथे पोचायला मी विहीर म्हणून नकार दिला होता तिथे, गाठी. शरीर क्षयाच्या जंतूंना कोंडून ठेवायला पेशींची भिंत बांधतं, तशा. गाठ मला दिसली, मोठी असते ती. मध्ये सडलेला भाग, कडेला अनेक केंद्रांची राक्षसी पेशी. एकतीस वर्षांत शेकडो पाहिल्या असतील. ही गेले दहा दिवस त्या मेणात माझी वाट बघत बसली होती.

जंतूंच्या खास लाल रंगाचीही स्लाइड केली. त्यात क्षयाचा जंतू लाल काडीसारखा दिसतो. अशा तुकड्यांत जंतू क्वचितच सापडतात. नवी बाई जेवायला न जाता दोन तास शोधत राहिली. मग एकदम म्हणाली, "सर! एक काडी. बाणाच्या टोकाशी बघा, अगदी टोकाशी."

मी डोळे लावले. बाण दिसला. टोकही दिसलं. टोकाशी धुकं होतं.

रंगारी दारात उभा. ती वाट बघत होती. असल्या वेळी 'हं, बरोबर' म्हणायची माझी पद्धत आहे, आणि ही पद्धत नेमकी कधीपासून पडली ते आता मला आठवेना.

"मला दिसत नाही," मी म्हटलं.

कोणाला धक्का बसला नाही. निदान बसल्याचं दाखवण्याएवढी सभ्यता तरी असावी! नवी बाई हळूच म्हणाली, "आहे सर. मी सही करते." रंगारी म्हणाला, "चहा आणतो."

महाराजांना मीच फोन केला. सोमवारची शस्त्रक्रिया थांबवा, क्षय आहे, माझा रिपोर्ट चुकला. ते म्हणाले, "पण मी डोळ्यांनी पाहिलं होतं." मी म्हटलं, "मीसुद्धा." पंधरा मिनिटं आम्ही एकमेकांना वाटेल ते बोललो. शेवटी थांबवतो म्हणाले.

१४ मार्च

तिला बोलावून सांगितलं. नवी बाई सांगते म्हणाली होती, पण नको म्हटलं. कॅन्सर नाही. क्षय आहे. निदान सहा महिने गोळ्या, नेमाने घ्यायच्या. आतलं काही काढायचं नाही.

नवरा तिथेच खाली उकिडवा बसला आणि रडायला लागला. ती रडली नाही. तिने विचारलं, "मग आधीचं कसं आलं?"

"माझी चूक."

मी आणखीही काही बोलणार होतो. रंगाविषयी, महाराजांविषयी, त्या एका बाटलीविषयी. सगळं खरंच होतं. पण तिने हात केला, जसा बोलणाऱ्या पोराला करतात तसा.

"परवा मी मास्तरांचं मुद्दाम काढलं होतं," ती म्हणाली. "सरळ सांगणार होते, पण तुम्ही फार रागीट दिसलात. डोळे दाखवा साहेब. आमचे मास्तर शेवटपर्यंत गेले नाहीत."

आभार मानले नाहीत तिने. मानले असते तर मला तिची कीव आली असती.

घरी येऊन ही वही उघडली. ती तिरपी गेलेली रेघ बोटाने चाचपली. छापलेली नव्हे, पेनाची. सगळ्याच पेनाच्या. दोनशे पानं, प्रत्येक पानावर चोवीस रेघा. हिला विचारलं, "दुकानदाराला खडसावलं होतंस ना?" ही भाजी निवडत होती. म्हणाली, "हो. फार माजोरी होता." मग थोड्या वेळाने, "तिरप्या गेलेल्या रेघेच्या वेळी दाराची घंटा वाजली होती."

२० मार्च

दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू. उजवा पिकलेला. चष्म्याच्या दुकानाच्या पायरीवरचा डॉक्टर म्हणाला, "इतके दिवस काम कसं करत होतात?" मी म्हटलं, लोक सांभाळून घेत होते. पुढच्या बुधवारी उजवा, महिन्याभराने डावा.

ऑगस्टपासूनच्या माझ्या सगळ्या स्लाइड पुन्हा रंगवायच्या आणि दुसऱ्या कोणीतरी पुन्हा पाहायच्या, असं अधीक्षकांना लेखी दिलं. बाराशे चाळीस निघाल्या. ते म्हणाले, "एवढी काय गरज? बोभाटा होईल." मूर्ख माणूस. नवी बाई रोज चाळीस पाहते. आजपर्यंत माझ्या दोन चुका सापडल्या. दोन्ही बारीक आहेत असं ती म्हणाली. तिला खोटं बोलता येत नाही, हा तिचा एक गुण मान्य करायला हवा. उरलेल्या स्लाइडमध्ये काय आहे ते मला माहीत नाही, आणि त्या वाचून होईपर्यंत मला धड जेवण जाणार नाही.

रंगाऱ्याला म्हटलं, यापुढे सगळ्यांना सहा मिनिटं. माझ्याही. तो म्हणाला, "साहेब, बुधवारपर्यंत तरी..."

"सहा."

दुपारी त्याने माझा ट्रे आणून ठेवला. वीस स्लाइड. पहिली लावली. धुकं. दुसरी लावली. तेच. रंग अगदी बरोबर असणार. वीसच्या वीस स्लाइड नव्या बाईच्या टेबलावर नेऊन ठेवल्या. एकावरही सही केली नाही.